बोटाचे हाड उशिरा जुळते तेव्हा

पाय मोडला तर घरातले सगळे धावतात, गाडी बोलावतात, शेजारीपाजारी भेटायला येतात. हाताचे बोट मोडले तर मात्र कोणी विचारत नाही. ‘बोटच ते, मुका मार असेल, होईल बरे’ असे म्हणून आंबेहळद आणि तुरटीचा लेप लावला जातो, वर जुन्या धोतराची पट्टी बांधली जाते आणि माणूस दुसऱ्या दिवशी कामाला लागतो. दीड-दोन महिन्यांनी तोच माणूस सुजलेले, ताठ झालेले बोट घेऊन दवाखान्याची पायरी चढतो. त्याचा पहिला प्रश्न असतो, “डॉक्टर, हाड अजून का जुळलं नाही?” आणि अलीकडे त्याच्या जोडीला दुसराही प्रश्न येतो, “विम्याच्या ऑफिसात निदानाचा कोड मागतात, तो काय असतो?”

हे दोन प्रश्न वेगळे वाटले तरी त्यांचे उत्तर एकाच ठिकाणी आहे. तुमच्या बोटाला नेमके काय झाले आणि ते कसे भरून येत आहे, हे स्पष्ट शब्दांत लिहिलेले असेल तर उपचारही बरोबर होतो आणि कोडही बरोबर पडतो. म्हणून आज दोन्ही गोष्टी एकत्र पाहू.

बोट किती दिवसांत जुळते?

आपल्या प्रत्येक बोटात तीन लहान हाडे असतात. त्यांना आपण पेरे म्हणतो. अंगठ्यात दोनच पेरे. म्हणजे एका हाताच्या पाच बोटांत मिळून १४ हाडे झाली. दार आपटणे, क्रिकेटचा चेंडू लागणे, बैलाने झटका देणे, कडबाकुट्टी यंत्रात किंवा प्रेसखाली हात सापडणे ही बोट मोडण्याची नेहमीची कारणे.

मोडलेल्या जागी प्रथम रक्त साकळते. त्यात हळूहळू मऊ, कूर्चेसारखा सांधा तयार होतो आणि पुढे त्याचे हाड बनते. बोटाचे साधे, जागेवरून न सरकलेले फ्रॅक्चर बहुधा तीन ते चार आठवड्यांत इतके पक्के होते की बोट हळूहळू हलवता येते. जड कामाला सहा ते आठ आठवडे लागतात. लहान मुलांचे हाड याहून लवकर जुळते. मधल्या पेराच्या मध्यभागी हाड अरुंद व कठीण असते, तिथे वेळ जास्त लागतो. टोकाचे पेर चेंगरले असेल तर दुखणे आणखी लांबते.

इथे एक गोष्ट नीट समजून घ्यावी. हाड जुळले की नाही हे केवळ एक्स-रेवरून ठरत नाही. बोटाच्या बाबतीत एक्स-रे नेहमी मागे असतो. दाबून दुखत नाही, मोडलेल्या जागी हालचाल जाणवत नाही, तरी फिल्मवर बारीक रेघ दोन-तीन महिने, कधी त्याहूनही जास्त काळ दिसत राहते. ती रेघ पाहून घाबरू नये. टोकाच्या पेराचा चुरा झाला असेल तर काही वेळा तुकडे हाडाने न जुळता चिवट तंतूंनी जुळतात, पण माणसाला काही त्रास नसतो. अशा बोटाला पुढे काही करावे लागत नाही. उलट, केवळ फिल्मवर रेघ दिसते म्हणून बोट दोन-दोन महिने बांधून ठेवले तर सांधे आखडतात आणि हाड जुळूनही बोट मिटत नाही. हाड जुळून ताठ राहिलेले बोट हे न जुळलेल्या बोटापेक्षा किती तरी जास्त पाहायला मिळते.

मग उशीर झाला असे म्हणायचे केव्हा? अपेक्षित मुदत उलटून गेली तरी मोडलेल्या जागी दाबल्यास दुखते, तिथे हालचाल जाणवते आणि एक्स-रेतही जुळणी पुढे सरकताना दिसत नाही, या सगळ्या गोष्टी एकत्र आल्या तर डॉक्टर ‘हाड उशिरा जुळत आहे’ असे लिहितात.

उशीर का होतो?

कारणे बहुतेक आपल्या ओळखीचीच आहेत.

एक, तंबाखू. विडी, सिगारेट, गुटखा, मशेरी यांपैकी काहीही असो, त्यातील निकोटिनमुळे बारीक रक्तवाहिन्या आक्रसतात. बोटाच्या टोकाला आधीच बारीक वाहिन्या, त्यात हे संकट.

दोन, मधुमेह. साखर ताब्यात नसेल तर जखम चिघळते, तसेच हाडही रेंगाळते.

तीन, जखमेसह मोडलेले हाड. कातडी फाटून हाड उघडे पडले, माती किंवा ग्रीस आत गेले आणि पू झाला, तर हाड जुळण्याचे काम थांबते.

चार, चेंगरणे. यंत्रात चेंगरलेल्या बोटात हाडाबरोबर भोवतालचे मांस आणि रक्तवाहिन्याही चिरडलेल्या असतात.

पाच, दोन तुकड्यांत अंतर राहणे किंवा आधार सैल असणे. कच्चे प्लॅस्टर भिजवले, परस्पर काढून टाकले, ‘जरा खाज येते’ म्हणून पट्टी रोज सोडली, तर तुकडे हलत राहतात.

सहा, मालिश. मोडलेल्या बोटाला तेल लावून ओढणे आणि कामट्यांनी करकचून बांधणे या दोन्ही गोष्टींनी नुकसानच होते. फार घट्ट बांधलेल्या पट्टीने बोट काळे पडून ते गमवावे लागण्याची वेळ येऊ शकते.

सात, आहार. दूध, डाळी, अंडी, कडधान्ये यांची कमतरता आणि ‘ड’ जीवनसत्त्वाची उणीव. वयस्क स्त्रियांत हाडे ठिसूळ झालेली असतील तर त्याचाही विचार करावा लागतो.

कोड म्हणजे काय?

रोगांना जगभर एकाच पद्धतीने नावे असावीत, म्हणजे कुठल्या देशात कशाने किती माणसे आजारी पडतात हे मोजता येईल, ही कल्पना जुनी आहे. फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ जाक बर्तियाँ यांनी १८९३ मध्ये मृत्यूच्या कारणांची यादी मांडली. १९४८ मध्ये या यादीची सहावी आवृत्ती निघाली तेव्हा तिची जबाबदारी जागतिक आरोग्य संघटनेकडे होती. त्या आवृत्तीत मृत्यूबरोबर आजार आणि इजाही आल्या. दहाव्या आवृत्तीला १९९० मध्ये मान्यता मिळाली. तिलाच ‘आयसीडी-१०’ म्हणतात. अकरावी आवृत्ती २०१९ मध्ये मंजूर झाली आणि १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली, तरी आपल्या विम्याच्या कागदांवर अजून दहावीचेच नाव दिसते.

विमा नियामकाने ठरवून दिलेल्या दाव्याच्या फॉर्ममध्ये रुग्णालयाने भरायचा ‘भाग बी’ असतो. त्यात मुख्य निदान, जादा निदान आणि सोबतचे आजार यांच्यापुढे आयसीडी-१० चे कोड लिहायला खाने दिलेले असतात. म्हणजे मोडलेले बोट मुख्य निदानात आणि मधुमेह सोबतच्या आजारात.

या दहाव्या यादीत ‘एस ६२’ म्हणजे मनगट व हाताच्या पातळीवरील फ्रॅक्चर. त्यात ‘एस ६२.५’ अंगठ्याचे आणि ‘एस ६२.६’ इतर बोटाचे. हाड उशिरा जुळत असेल तर त्यासाठी ‘एम ८४.२’ हा निराळा कोड आहे आणि मुळीच जुळले नसेल तर ‘एम ८४.१’. कशामुळे लागले त्याचेही कोड आहेत. दारात किंवा दोन वस्तूंच्या मध्ये बोट सापडले तर ‘डब्ल्यू २३’, शेतीच्या यंत्रात सापडले तर ‘डब्ल्यू ३०’.

अमेरिकेतील सात खणांचा कोड

आपल्या जिल्ह्यातील बी.एस्सी., बी.फार्म. झालेली कितीतरी मुले-मुली पुणे, हैदराबाद, चेन्नई येथे ‘मेडिकल कोडिंग’ची नोकरी करतात. ती मुले इथे बसून बहुतांशी अमेरिकेतील रुग्णांचे कागद वाचतात. अमेरिकेने दहाव्या यादीत स्वतःची भर घातली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ती लागू केली. तिथे बोटाच्या फ्रॅक्चरचा कोड सात खणांचा असतो. एक उदाहरण पाहू : एस ६२.६१२ जी.

‘एस ६२.६’ म्हणजे अंगठा सोडून दुसऱ्या बोटाचे फ्रॅक्चर. पुढचा १ म्हणजे बुडाचे, तळव्याकडचे पेर मोडून जागेवरून सरकलेले. त्यापुढचा २ म्हणजे उजव्या हाताचे मधले बोट. डाव्या हाताचे असते तर तिथे ३ आला असता. आणि शेवटचे अक्षर ‘जी’ म्हणजे पुढील भेट, हाड उशिरा जुळत आहे.

या शेवटच्या अक्षरात बोटाची सगळी हकीकत असते. ‘ए’ म्हणजे बंद फ्रॅक्चरवर प्रत्यक्ष उपचार चालू आहेत. ‘बी’ म्हणजे तेच, पण उघड्या जखमेसह. ‘डी’ म्हणजे पुढील भेट, हाड नेहमीप्रमाणे जुळत आहे. ‘जी’ म्हणजे उशिरा जुळत आहे. ‘के’ म्हणजे जुळलेच नाही. ‘पी’ म्हणजे वाकडे जुळले. ‘एस’ म्हणजे जुन्या इजेचा मागे राहिलेला परिणाम.

एक सावधगिरी सांगतो, कारण ही गफलत सहज होऊ शकते. जागतिक यादीत काही ठिकाणी पुढे एक जादा आकडा लावतात. ० म्हणजे बंद आणि १ म्हणजे उघडे फ्रॅक्चर. त्या हिशेबाने ‘एस ६२.६१’ म्हणजे बोटाचे उघडे फ्रॅक्चर. अमेरिकेच्या यादीत मात्र ‘एस ६२.६१’ म्हणजे बुडाच्या पेराचे सरकलेले फ्रॅक्चर. आकडे तेच, अर्थ दोन. म्हणून मोबाईलवर शोधून सापडलेला कोड आपल्या कागदावर परस्पर लिहू नये.

उशिरा येणे आणि उशिरा जुळणे

कोडिंग करणाऱ्या मुलांना शिकवला जाणारा एक नियम मला फार आवडतो, कारण तो डॉक्टरांनाही उपयोगी आहे. रुग्णच उशिरा आला, महिनाभर घरी लेप लावत बसला आणि आता त्याच्यावर पहिल्यांदा उपचार सुरू होत आहेत, तर ते ‘उशिरा जुळणे’ नव्हे. त्याला ‘ए’ हेच अक्षर लागते. ‘जी’ लावायचे ते उपचार करूनही हाड रेंगाळत असल्याचे डॉक्टरांनी लिहिले असेल तेव्हाच.

दुसरा नियमही तसाच. कोड लिहिणाऱ्याने एक्स-रेचा अहवाल वाचून स्वतःच्या मनाने निदान करायचे नाही. डॉक्टरांनी जे लिहिले तेच कोडात उतरवायचे. डॉक्टरांनी उघडे की बंद हे लिहिले नाही तर ते बंद धरले जाते. सरकलेले की न सरकलेले हे लिहिले नाही तर सरकलेले धरले जाते. म्हणजे आपण डॉक्टर मंडळींनी आळस करून नुसते ‘फ्रॅक्चर फिंगर’ लिहिले, तर उरलेल्या गोष्टी यादीच्या नियमानेच ठरतात. मग रुग्णाच्या हातात कागद राहतो, पण त्या कागदात त्याचे बोट नसते.

एका कामगाराची गोष्ट

आमच्या भागातील एका कारखान्यात लेथवर काम करणाऱ्या कामगाराचे उजव्या हाताचे मधले बोट यंत्रात चेंगरले. वय ४६. तंबाखूची सवय आणि मधुमेह, पण गोळ्या मनाला येईल तेव्हा. अस्थिरोगतज्ज्ञांनी शस्त्रक्रिया करून दोन तारा टाकल्या आणि चार आठवड्यांनी काढल्या. त्याची अपघात विम्याची पॉलिसी होती. कामावर जाता येत नाही तोपर्यंत दर आठवड्याला ठरावीक रक्कम मिळायची. सहा आठवड्यांचा पहिला दाखला होता, तेवढे पैसे मिळाले.

सहा आठवडे झाले तरी बोट दाबले की दुखत होते आणि एक्स-रेत फट जशीच्या तशी होती. त्याला एका दवाखान्यातून नवा दाखला मिळाला. त्यावर एकच ओळ : ‘चार आठवडे विश्रांती.’ विमा कंपनीचे पत्र आले, साध्या बोटाच्या फ्रॅक्चरला दहा आठवडे का? पैसे थांबले. घरी किराणा दुकानाची उधारी, मुलीच्या कॉलेजची फी. तो माझ्याकडे आला तेव्हा बोटापेक्षा पत्राचीच काळजी जास्त होती. “डॉक्टरसाहेब, मी काय खोटं दुखतंय म्हणतो का?” असे त्याने विचारले.

कंपनीने विचारलेला प्रश्न चुकीचा नव्हता. उत्तर कागदावर नव्हते, एवढेच. मी अस्थिरोगतज्ज्ञांशी बोललो. त्यांनी तपासून स्पष्ट लिहिले : कुठल्या हाताचे, कुठले बोट, कुठले पेर, कोणत्या तारखेला काय केले, सहाव्या आठवड्यात तपासणीत काय आढळले, एक्स-रेत काय दिसले, हाड उशिरा जुळत आहे, सोबत मधुमेह आणि तंबाखूची सवय आहे. मुख्य कोडाबरोबर उशिरा जुळण्याचा कोडही लिहिला. वाढीव आठवड्यांचे पैसे पुढे मिळाले.

पण खरा फायदा वेगळाच झाला. हे सगळे लिहिताना उपाशीपोटीची साखर तपासली, ती २४० निघाली. त्याला मी सरळ सांगितले, “अरे बाबा, कंपनीला कारण दाखवलं, आता ते कारण दूर कर.” साखरेची गोळी नियमित झाली, तंबाखूची पुडी बंद झाली. अकराव्या आठवड्यात बोट दाबल्यावर दुखायचे थांबले. आज तो लेथवर आहे. बोट पूर्वीइतके मिटत नाही, पण पान्हा धरता येतो.

या गोष्टीवरून कोणी असे समजू नये की ‘उशीर’ लिहून घेतला की रजा आणि पैसे वाढतात. तशी विनंती करणारेही येतात. नेहमीसारखे जुळणाऱ्या हाडाला ‘उशिरा’ म्हणणे हा खोटा दाखला आहे आणि तो देता येत नाही. तसेच मधुमेह किंवा तंबाखू लपवू नये. ‘क्लेम जाईल’ या भीतीने लपवलेली गोष्ट पुढे रक्ताच्या रिपोर्टात सापडते आणि मग खरोखर अडचण होते.

कोणते बोट, हे लिहिणे किती महत्त्वाचे आहे याचे आणखी एक उदाहरण देतो. १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्याच्या परिशिष्टात पूर्ण तर्जनी गेल्यास कमावण्याच्या क्षमतेत १४ टक्के, मधले बोट गेल्यास १२ टक्के, आणि अनामिका किंवा करंगळी गेल्यास ७ टक्के घट धरलेली होती. नुसते ‘बोट’ एवढेच लिहिले तर हा हिशेब कसा करणार?

कागदावर काय असावे?

डॉक्टरांकडून निघण्यापूर्वी एवढे पाहून घ्या :

१. उजवा की डावा हात, कोणते बोट, कोणते पेर.
२. जखम होती की कातडी शाबूत होती.
३. हाड सरकले होते की नाही.
४. कधी आणि कशाने लागले.
५. काय उपचार केले आणि कोणत्या तारखेला : पट्टी, प्लॅस्टर, तार.
६. प्रत्येक भेटीत हाड नेहमीप्रमाणे जुळते आहे, उशिरा जुळते आहे, जुळले नाही की वाकडे जुळले.
७. उशीर असेल तर त्याचे कारण आणि सोबतचे आजार.
८. हलके काम कधी, नेहमीचे काम कधी.

डॉक्टरांना हे विचारण्यात संकोच करू नये. गर्दीच्या वेळी आम्हीही घाईत असतो. “साहेब, कुठलं बोट ते लिहिलंय ना?” एवढे नम्रपणे विचारले तर कोणी रागावणार नाही. सगळे केसपेपर आणि एक्स-रे एका पिशवीत ठेवा, मोबाईलवर त्यांचे फोटो काढून ठेवा आणि विम्याच्या ऑफिसात मूळ कागद दिलेच तर झेरॉक्स आपल्याजवळ ठेवा.

बोटाला मार लागला तर

अंगठी, वळे लगेच काढा. सूज चढल्यावर ती निघत नाही. फडक्यात गुंडाळलेला बर्फ लावा, हात छातीपेक्षा उंच धरा. वाकडे दिसणारे बोट ओढून सरळ करू नका. जखम असेल तर स्वच्छ पाण्याने धुऊन स्वच्छ कापड बांधा आणि त्याच दिवशी डॉक्टरांकडे जा, धनुर्वाताचे इंजेक्शनही लागेल. बोट मिटताना शेजारच्या बोटावर चढत असेल तर हाड फिरलेले आहे. ते पहिल्या काही दिवसांतच नीट करावे लागते.

प्लॅस्टर असताना मोकळी बोटे, मनगट, कोपर आणि खांदा रोज हलवा. डॉक्टर सांगतील त्या दिवसापासून दुखऱ्या बोटाचाही व्यायाम सुरू करा, दुखते म्हणून टाळू नका. बोट पांढरे किंवा निळे पडले, बधिर झाले, पू आला, ताप आला, तर ठरलेल्या तारखेची वाट पाहू नका.

आणि ठरलेली तारीख आली की, दुखत नसले तरी, दाखवायला जा. हाड वेळेवर जुळते आहे की रेंगाळते आहे हे त्याच भेटीत कळते. त्या वेळी कळले तर साखर, तंबाखू, सैल पट्टी या गोष्टी दुरुस्त करायला वेळ असतो. तीन महिन्यांनी कळले तर बहुधा पुन्हा शस्त्रक्रियेचाच विचार करावा लागतो.